नर्सिंगच्या विद्यार्थिनीने अँटिहिस्टामिन आणि इतर नेहमीची औषधे कशी अभ्यासावीत?

तुम्ही विचारले आहे की, बी.एस्सी. नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षात अँटिहिस्टामिन (ॲलर्जीवरील औषधे), वेदनाशामके, आम्लपित्तावरील औषधे असे गट एकामागून एक शिकवले जातात, नावे एकसारखी वाटतात, पाठ केलेले चार दिवसांत विसरते आणि वॉर्डात सिस्टरनी प्रश्न विचारला की उत्तर सुचत नाही. तर प्राथमिक शिक्षण मराठीतून झालेल्या डिचोलीच्या मुलीने हा विषय अभ्यासावा कसा? मी गोव्यातच मेडिसिन वॉर्डात बरीच वर्षे काम केले असून आता प्रशिक्षणासाठी येणाऱ्या विद्यार्थिनींना खाटेजवळ उभे राहून शिकवते. त्या अनुभवावरून माझे सांगणे असे आहे की, प्रत्येक गटातील एकच औषध मुळापासून समजून घ्यावे, बाकीची औषधे त्याच्यापासून कोठे वेगळी पडतात तेवढे लक्षात ठेवावे, आणि ‘हे कशावर देतात’ या प्रश्नाला ‘हे दिल्यावर या माणसात मला काय पाहायचे आहे’ हा प्रश्न नेहमी जोडावा. अँटिहिस्टामिनचे नाव तुम्हीच प्रथम घेतले आहे, म्हणून तोच गट नमुन्यादाखल घेते.

सुरुवात औषधापासून न करता हिस्टामिनपासून करा. हा पदार्थ आपल्याच शरीरात, मुख्यतः मास्ट पेशींत आणि बेसोफिल पेशींत साठवलेला असतो. ज्या पदार्थाची ॲलर्जी आहे तो शरीरात शिरला की आयजीई प्रतिपिंडांमार्फत या पेशी हिस्टामिन बाहेर टाकतात, आणि ते एच-१ ग्राहींना (ग्राही म्हणजे रिसेप्टर, पेशीवरील संदेश घेणारी जागा) जाऊन चिकटले की बारीक रक्तवाहिन्या रुंदावून पाझरू लागतात, मज्जातंतूंची टोके चेतवली जाऊन खाज सुटते, नाक वाहते आणि श्वासनलिकांचे स्नायू आवळतात. जठरात हेच हिस्टामिन एच-२ ग्राहींमार्फत आम्ल वाढवते, तर मेंदूत ते आपल्याला जागे ठेवण्याचे काम करते. एवढे चित्र स्वतःच्या हाताने वहीत काढा, कारण पुढचे जवळजवळ सर्व काही त्यातूनच निघते: एच-१ अडवला तर शिंका, खाज आणि अंगावर उठलेले पित्त कमी होते, पण औषध मेंदूत शिरत असेल तर झोप येते, एच-२ अडवला तर आम्ल कमी होते, म्हणून फॅमोटिडिन हे आम्लपित्तावरील औषधही हिस्टामिनविरोधी औषध असूनही सर्दीवर त्याचा उपयोग नसतो.

आता मूळ औषध म्हणून क्लोरफेनिरामिन घ्या, ज्याला वॉर्डात आणि आरोग्य केंद्रात सगळे सीपीएम म्हणतात. ते पहिल्या पिढीतील आहे, रक्त आणि मेंदू यांमधला अडसर सहज ओलांडते आणि म्हणूनच गुंगी आणते. शिवाय ते केवळ एच-१ ग्राहींवर थांबत नाही, तर ॲसिटिलकोलिन या मज्जातंतूंच्या संदेशवाहक पदार्थाच्या मस्करिनिक ग्राहींनाही अडवते. तोंड कोरडे पडणे, बद्धकोष्ठता, अंधुक दिसणे, लघवी अडणे ही यादी विद्यार्थिनी मंत्रासारखी पाठ करतात, पण या दुसऱ्या ग्राहीचे नाव कळल्यावर पाठ करण्यासारखे काही उरत नाही. प्रोस्टेट वाढलेल्या वृद्ध गृहस्थांनी गावातल्या दुकानातून सर्दीची गोळी आणून घेतली आणि रात्री लघवी तुंबून त्यांना कॅज्युअल्टीत आणावे लागले, यामागे कोणते गूढ नाही. मूत्राशय आकुंचन पावण्यासाठी जो ग्राही लागतो तोच त्या गोळीने अडवलेला असतो. काचबिंदूचा एक प्रकार, ज्यात डोळ्यातील कोन अरुंद असतो, त्याही रुग्णाला हे औषध धोक्याचे ठरते. वयस्कर माणसाला त्यामुळे भ्रम होऊ शकतो आणि तो पडू शकतो, म्हणून अशा रुग्णाला गोळी दिल्यावर खाटेचे कठडे वर करणे आणि शौचालयापर्यंत सोबत जाणे ही तुमची जबाबदारी आहे.

दुसऱ्या पिढीतील सेटिरिझिन, लेव्होसेटिरिझिन, लोराटाडिन, फेक्सोफेनाडिन ही औषधे मेंदूत फार कमी शिरतात आणि मस्करिनिक ग्राहींना जवळजवळ स्पर्श करीत नाहीत. मुख्य फरक एवढाच. त्यातही सेटिरिझिनने काही जणांना झोप येते, फेक्सोफेनाडिनने क्वचितच. सेटिरिझिन बहुतांशी जसेच्या तसे मूत्रपिंडावाटे बाहेर पडते, म्हणून मूत्रपिंडाच्या रुग्णात मात्रा कमी करावी लागते. फेक्सोफेनाडिन पाण्याबरोबर घ्यायचे असते, कारण संत्रे, सफरचंद यांसारख्या फळांच्या रसाने ते कमी शोषले जाते, आणि ॲल्युमिनियम-मॅग्नेशियम असलेल्या अँटासिडनेही तसेच होते. फेक्सोफेनाडिन हे टर्फेनाडिन नावाच्या जुन्या औषधाचे शरीरात होणारे रूप आहे. एरिथ्रोमायसिन किंवा किटोकोनाझोल यांच्यासोबत टर्फेनाडिन घेतले की ते यकृतात मोडले जात नसे, रक्तात साचत असे आणि हृदयाच्या ठोक्यांची लय बिघडून मृत्यू ओढवत असत. अमेरिकेत ते १९९८ मध्ये मागे घेण्यात आले. औषधांच्या परस्परक्रियांचा धडा रूक्ष वाटला तर हे उदाहरण आठवा.

गोव्यात काम करताना या गटाबद्दल रुग्णाला विचारायचे प्रश्न तुम्ही आतापासूनच सवयीचे करून घ्या. मोटरसायकल पायलटचा, म्हणजे मोटरसायकलवरून भाड्याने प्रवासी नेण्याचा, व्यवसाय करणारा, ट्रॉलरवर जाणारा, ट्रक चालवणारा, किंवा रोज स्कूटरवरून कामावर जाणारी बाई, यांच्या बाबतीत औषधाने झोप येते का हा उपजीविकेचा आणि जिवाचा प्रश्न असतो. संध्याकाळी फेणी किंवा इतर मद्य घेण्याची सवय आहे का हेही निःसंकोचपणे आणि तुच्छतेचा सूर न लावता विचारावे, कारण मद्य आणि पहिल्या पिढीतील अँटिहिस्टामिन यांची गुंगी एकमेकींत मिळून वाढते. रुग्ण कोंकणीत बोलत असेल तर ‘गुळी घेतल्यार न्हीद येता?’ असे त्याच्या भाषेत विचारलेले अधिक चांगले, कारण मोकळे उत्तर मिळाले तरच प्रश्नाचा उपयोग.

आपल्याकडे ज्याची ओळख प्रत्येक परिचारिकेला हवी असा याच विषयातील प्रकार म्हणजे मासळीतील हिस्टामिनमुळे होणारी विषबाधा. बांगडा, तारली, कुप्पा या माशांच्या मांसात हिस्टिडिन हे अमिनो आम्ल भरपूर असते. मासा पकडल्यानंतर पुरेशा थंडीत ठेवला गेला नाही तर जिवाणू त्याचे हिस्टामिन बनवतात, आणि एकदा तयार झालेले हिस्टामिन तळल्याने, हुमणात (माशाच्या कालवणात) शिजवल्याने किंवा नंतर बर्फात ठेवल्याने नष्ट होत नाही. जेवल्यानंतर काही मिनिटांपासून तासाभरात चेहरा लालबुंद होतो, डोके ठणकते, छातीत धडधडते, अंगावर चट्टे येतात, कधी जुलाब होतात. दिसायला सारे ॲलर्जीसारखे असते, परंतु येथे हिस्टामिन बाहेरून आलेले असते, रुग्णाच्या पेशींनी सोडलेले नसते. म्हणून नोंद घेताना दोन प्रश्न अवश्य विचारावेत: तोच मासा खाल्लेल्या घरातील इतरांनाही त्रास झाला का, आणि हा मासा यापूर्वी बिनत्रास खाल्ला होता का. दोन्हींचे उत्तर होकारार्थी असेल तर केसशीटवर ते स्पष्ट लिहावे, कारण डॉक्टरांना त्यावरून निदानाची दिशा मिळते आणि ‘तुम्हाला माशाची ॲलर्जी आहे’ असा शिक्का बसून गोव्यातल्या माणसाचे जन्मभराचे नुस्ते (मासळी) विनाकारण बंद होत नाही. बहुतेकांना अँटिहिस्टामिनने आराम पडतो. क्षयरोगासाठी आयसोनियाझिड घेणाऱ्या रुग्णात मात्र ही बाधा अधिक तीव्र होऊ शकते, कारण ते औषध हिस्टामिन मोडणाऱ्या विकराला (एन्झाइमला) अडवते. एका आजाराच्या गोळीचा दुसऱ्याच दिवशीच्या जेवणाशी असा संबंध लागतो, हे मला या विषयातील सर्वांत शिकण्यासारखे वाटते.

यापुढचा मुद्दा परीक्षेपेक्षाही महत्त्वाचा आहे. प्रतिजैविकाचे इंजेक्शन दिल्यावर, कोळंबी खाल्ल्यावर किंवा गांधीलमाशी चावल्यावर रुग्णाचा घसा आवळू लागला, श्वासाला घरघर लागली, रक्तदाब उतरू लागला, तर पहिले औषध ॲड्रेनालिन होय, अँटिहिस्टामिन नव्हे. पुष्कळ ठिकाणी हात आधी ॲव्हिलच्या अँप्यूलकडे जातो, आणि ही सवय घातक आहे. ॲव्हिल म्हणजे फेनिरामिन. ते खाज आणि चट्टे कमी करील, पण उतरलेला रक्तदाब वर आणणार नाही आणि सुजलेला श्वासमार्ग मोकळा करणार नाही. ॲड्रेनालिन रक्तवाहिन्या आवळते, श्वासनलिका उघडते आणि मास्ट पेशींतून आणखी हिस्टामिन सुटणे थांबवते. प्रौढासाठी १ मिलिलिटरमध्ये १ मिलिग्रॅम असलेल्या द्रावणाचे ०.५ मिलिलिटर मांडीच्या मधल्या भागात बाहेरच्या बाजूस स्नायूत देतात आणि फरक पडला नाही तर ५ मिनिटांनी पुन्हा देतात. ड्युटीवर गेल्यावर प्रथम आपल्या वॉर्डातील इमर्जन्सी ट्रेमध्ये ॲड्रेनालिन कोठे आहे, त्याची मुदत संपलेली नाही ना, हे पाहा. रुग्णाला आडवे निजवणे, पाय उंच करणे, त्याला अचानक उठू न देणे हेही त्याच वेळी करायचे असते.

प्रोमेथाझिन, म्हणजे फेनर्गन, याचे दोन मुद्दे वेगळे लक्षात ठेवावेत. त्याचे इंजेक्शन खोल स्नायूत द्यायचे असते. शिरेत देताना ते शिरेबाहेर सांडले किंवा चुकून धमनीत गेले तर ऊती मरून अवयव कापण्याची वेळ येऊ शकते. दोन वर्षांखालील बालकांना ते देत नाहीत, कारण श्वसन मंदावते. तसेच क्लोरफेनिरामिन आणि फिनाइलेफ्रिन एकत्र असलेली सर्दीची औषधे चार वर्षांखालील मुलांना देऊ नयेत, असा आदेश केंद्रीय औषध नियंत्रकांनी डिसेंबर २०२३ मध्ये काढला. लसीकरणाच्या दिवशी आरोग्य केंद्रात आलेली आई घरातले उरलेले सिरप दाखवते, तेव्हा तुम्हाला हे ठाऊक असायला हवे.

आता इतर गटांकडे त्याच नजरेने पाहा. सर्दीच्या पुष्कळशा गोळ्यांत पॅरासिटामॉल असतेच, आणि रुग्ण तापासाठी पॅरासिटामॉलची वेगळी गोळीही घेत असतो. प्रौढाची दिवसाची कमाल मर्यादा ४ ग्रॅम आहे आणि ती ओलांडली तर यकृतात विषारी घटक साचतो, ज्यावर एन-ॲसिटिलसिस्टिन हा उतारा आहे. मुलांसाठी मात्रा किलोमागे १० ते १५ मिलिग्रॅम. बाजारात ५ मिलिलिटरमध्ये १२५ मिलिग्रॅम, ५ मिलिलिटरमध्ये २५० मिलिग्रॅम आणि १ मिलिलिटरमध्ये १०० मिलिग्रॅमचे थेंब अशी तीन द्रावणे सर्रास मिळतात, म्हणून दहा किलोच्या बाळाला १५० मिलिग्रॅम देण्यासाठी अनुक्रमे ६, ३ आणि १.५ मिलिलिटर लागतात. ‘एक चमचा द्या’ असे आईला सांगणे किती अपुरे आहे हे या एका गणितावरून कळते.

एनालाप्रिल हे रक्तदाबाचे औषध घेणाऱ्या रुग्णाला कोरडा खोकला लागला की घरचे लोक अँटिहिस्टामिनचे सिरप आणतात. हा खोकला ब्रॅडिकायनिन हा शरीरातीलच पदार्थ साचल्यामुळे येतो, त्यावर सिरपचा परिणाम होत नाही. याच औषधाने क्वचित ओठ आणि जीभ सुजतात. त्या सुजेला खाज नसते, चट्टे नसतात, अँटिहिस्टामिनने ती उतरत नाही, आणि श्वासमार्गाला धोका असल्यामुळे तत्काळ डॉक्टरांना बोलवावे लागते. आम्लपित्तावरील पँटोप्राझोल जेवणाआधी अर्धा ते एक तास, मधुमेहावरील मेटफॉर्मिन जेवणाबरोबर, हे मी फक्त नमूद करते. इन्सुलिनबाबत मात्र थांबावे लागेल: आपल्याकडील नेहमीच्या कुप्यांमध्ये १ मिलिलिटरला ४० युनिट असतात आणि पेनमध्ये १००. चाळीसच्या सिरिंजमध्ये शंभरचे इन्सुलिन २० च्या खुणेपर्यंत भरले तर रुग्णाला ५० युनिट जातात. कुपीवरील आकडा आणि सिरिंजवरील आकडा जुळला नाही तर इंजेक्शन देऊ नका, कितीही घाई असली तरी.

पाठांतराच्या अडचणीवर माझा उपाय ड्रग कार्डांचा आहे, पण पुस्तकातून उतरवलेल्या कार्डांचा नव्हे. कार्डाच्या पहिल्या बाजूला औषध कोणत्या ग्राहीवर किंवा विकरावर काम करते हे मराठीत, स्वतःच्या वाक्यात लिहा, कारण जी गोष्ट आपल्या भाषेत सांगता येत नाही ती बहुधा नीट समजलेली नसते; पारिभाषिक शब्द इंग्रजीतलेच राहू द्या, केसशीटवर आणि उत्तरपत्रिकेत तेच लागतात. त्याखाली त्या आठवड्यात वॉर्डात ते औषध कोणत्या रुग्णाला दिले जात होते हे नाव न लिहिता टिपा: वय, आजार, सोबतची औषधे, दिल्यावर काय पाहिले. पहिल्या महिन्यात क्लोरफेनिरामिन, पॅरासिटामॉल, पँटोप्राझोल, एनालाप्रिल आणि इन्सुलिन एवढीच कार्डे करा. सेटिरिझिन किंवा फेक्सोफेनाडिन समोर आले की नवे कार्ड न करता क्लोरफेनिरामिनच्या कार्डाच्या मागच्या बाजूला फक्त फरक लिहा. परीक्षेत ‘परिचारिकेच्या जबाबदाऱ्या’ हा प्रश्न येईल तेव्हा उत्तर त्या रुग्णाच्या टिपणातून लिहा: देण्यापूर्वी काय विचारले, देताना काय तपासले, दिल्यानंतर किती वेळाने काय पाहिले आणि कोणते चिन्ह दिसल्यावर डॉक्टरांना कळवले.