मानवाधिकार सार्वत्रिक मानले, तर निरनिराळ्या संस्कृतींचा आदर कसा राखायचा?

मानवाधिकार ही पाश्चात्त्यांची कल्पना असताना ती सगळ्या समाजांना लागू करणे हा त्यांच्या चालीरीतींचा अनादर नव्हे का, असे आपण विचारले आहे. ही शंका संयुक्त राष्ट्रांच्या १९४८ च्या मानवाधिकार जाहीरनाम्याहूनही जुनी आहे. मसुदा तयार होत असतानाच, १९४७ साली, अमेरिकेतील मानववंशशास्त्रज्ञांच्या संघटनेने संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार आयोगाला निवेदन पाठवून हाच आक्षेप घेतला होता. पुढे १९९९ मध्ये त्याच संघटनेने मानवाधिकारांच्या बाजूने ठराव केला, हेही येथेच सांगून ठेवतो.

‘पाश्चात्त्यांची कल्पना’ हे म्हणणे मला अर्धेच खरे वाटते. मसुद्यावर काम करणाऱ्यांत चीनचे पी. सी. चांग आणि लेबनॉनचे चार्ल्स मलिक होते. आणि पहिल्याच कलमातील ‘ऑल मेन’ हे शब्द बदलून तेथे ‘ऑल ह्यूमन बीइंग्ज’ यावे, यासाठी भारताच्या प्रतिनिधी हंसा मेहता यांनी आग्रह धरला होता. १० डिसेंबर १९४८ रोजी पॅरिसमध्ये जाहीरनाम्यावर मतदान झाले, तेव्हा ४८ देश बाजूने होते, विरोधात एकही नव्हता आणि आठ तटस्थ राहिले. त्या आठांत दक्षिण आफ्रिका होती, म्हणजे नुकतेच वर्णभेदाला राज्याचे अधिकृत धोरण बनवायला निघालेले गोऱ्यांचे सरकार. पाश्चात्त्य आणि पौर्वात्य अशी सरळ विभागणी तेव्हाही नव्हती.

पण माझे मत या इतिहासावरून बनलेले नाही. ते बनले आजोळी, रायगड जिल्ह्यातील एका गावात. मी शाळेत असताना तेथील एका कुटुंबाने जमिनीच्या वादात गावकीचा निवाडा न मानता कोर्टात दावा लावला आणि गावकीने त्यांना वाळीत टाकले. दुकानदार त्यांना किराणा देईना, लग्नाकार्याचे बोलावणे बंद झाले, त्यांच्याशी बोलणाऱ्याला दंड ठरला. शिमग्याला ग्रामदेवतेची पालखी घरोघर फिरते. त्या वर्षी ती त्यांच्या दारासमोरून न थांबता पुढे गेली. त्या घरातील आजी ओटीचे ताट हातात घेऊन उंबऱ्यात उभी होती. किराणा तालुक्याहून आणता येतो, पालखी कोठून आणणार? ‘हे आमचे गावकीचे रीतीरिवाज आहेत, बाहेरच्याने बोलू नये,’ असे तेव्हा ऐकवले जाई. परंतु रीत तोडली होती कोणी? पालखीची वाट पाहणाऱ्या बाईने की पालखी पुढे नेणाऱ्यांनी? जाहीरनाम्याच्या सत्ताविसाव्या कलमात आपल्या समाजाच्या सांस्कृतिक जीवनात भाग घेण्याचा अधिकार प्रत्येक व्यक्तीला दिलेला आहे. त्या आजीला संस्कृतीपासून सुटका नको होती. तिला संस्कृतीतला आपला वाटा हवा होता आणि तो मागायला तिला मानवाधिकारांचीच भाषा उपयोगी पडली असती.

म्हणून ‘आमची संस्कृती’ हे शब्द ऐकले की मी आधी विचारतो, की हे बोलणारा कोण आहे आणि त्याच्याशी सहमत नसलेल्या त्याच समाजातील माणसाचे काय होते.

याचा अर्थ उत्तर प्रत्येक वेळी सोपे असते असे नाही. मुंबई प्रांताने १९४९ मध्ये बहिष्कृती-प्रतिबंधक कायदा केला आणि दाऊदी बोहरा समाजाच्या धर्मगुरूंनी त्याला आव्हान दिले. १९६२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने चार विरुद्ध एक अशा बहुमताने तो कायदा घटनाबाह्य ठरवला. धार्मिक कारणासाठी सदस्याला पंथाबाहेर काढणे हा पंथाच्या धार्मिक व्यवस्थापनाचा भाग आहे आणि त्याला घटनेच्या सव्विसाव्या कलमाचे संरक्षण आहे, असे बहुमताचे म्हणणे होते. हा युक्तिवाद थिल्लर नाही. आपल्यात कोण आहे हे ठरवण्याचा अधिकारच नसेल, तर समूहाला समूह म्हणून काय उरते? तरीही मला पटते ते सरन्यायाधीश सिन्हा यांचे एकट्याचे भिन्नमत. बहिष्काराने माणूस आपल्याच लोकांत अस्पृश्यासारखा होतो, मशीद, दफनभूमी, सोयरीक सारेच त्याच्या हातून जाते; मग तो केवळ पंथाचा अंतर्गत मामला राहत नाही. या निकालाच्या फेरविचाराची मागणी करणारी याचिका १९८६ पासून न्यायालयात आहे आणि २०२३ मध्ये ती नऊ न्यायाधीशांच्या पीठाकडे सोपवण्यात आली. महाराष्ट्राने मात्र दरम्यान सामाजिक बहिष्काराविरुद्ध स्वतंत्र कायदा केला. विधिमंडळाने तो २०१६ मध्ये मंजूर केला आणि त्यात तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी शिक्षा आहे.

आपली शंका मला सर्वांत रास्त वाटते ती कंजारभाट समाजाचा विचार करताना. या समाजाच्या जातपंचायतीने लग्नाच्या रात्री नववधूची कौमार्य परीक्षा घेण्याची प्रथा चालवली आणि ती निंद्य आहे, याबद्दल माझ्या मनात किंतु नाही. परंतु १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याखाली इंग्रजांनी ज्या जमातींना जन्मतःच गुन्हेगार ठरवले, त्यांत हे लोक होते. सोलापुरात अशा जमातींना तारेच्या कुंपणातील सेटलमेंटमध्ये ठेवले जाई आणि तो कायदा १९५२ मध्ये रद्द होईपर्यंत हजेरी द्यावी लागे. पोलीस आणि कोर्ट ज्यांच्यासाठी पिढ्यान्‌पिढ्या छळाचेच दुसरे नाव होते, त्यांनी आपले तंटे पंचांपुढे नेले यात नवल काय? बाहेरचा माणूस जेव्हा ‘या जातीतच खोट आहे’ अशा सुरात बोलतो, तेव्हा तो मानवाधिकार सांगत नसतो. १८७१ चीच भाषा बोलत असतो आणि पंचांचे काम सोपे करत असतो.

ही प्रथा मोडायला पुढे आली ती याच समाजातील शिकलेली तरुण मुले-मुली. त्यांनी व्हॉट्सॲपवर गट काढला, उघडपणे बोलायला सुरुवात केली आणि जानेवारी २०१८ मध्ये पिंपरीतील एका लग्नात त्यांच्यापैकी काहींना मारहाणही झाली. त्यांनी पोलिसांत तक्रार दिली, म्हणजे ज्या यंत्रणेने त्यांच्या पणजोबांची हजेरी घेतली तिच्याकडेच ते अधिकार मागायला गेले. आणि हे करताना आपण कंजारभाट आहोत हे त्यांनी लपवले नाही. या मुलांना आपण संस्कृतीच्या बाजूचे म्हणाल की मानवाधिकारांच्या? मला त्यांच्यापुरता हा प्रश्नच लावता येत नाही.