‘लोस ओम्ब्रेस दे पाको’ या स्पॅनिश मालिकेचा पहिला भाग पाहून ती नेमकी कशाची आहे हेच कळत नाही. त्यातल्या पोलिसांचा बावळटपणाही अतिरंजित वाटतो. पुढे पाहावी का?

आपला गोंधळ मला अगदी ओळखीचा आहे. स्पॅनिश शिकत असताना कानाला सवय व्हावी म्हणून मी ही मालिका पाहायला घेतली, तेव्हा ही पोलिसांची गोष्ट आहे, घरगुती मालिका आहे की निव्वळ फार्स, हा आपल्याला पडलेला प्रश्न मलाही पडला होता. एकच भाग एवढा लांब कशासाठी, हेही कळत नव्हते.

माझे उत्तर असे की, सुरुवातीचे भाग पोलीस ठाण्यात घडणारी कौटुंबिक मालिका म्हणून पाहावेत. ऑक्टोबर २००५ मध्ये ‘आंतेना ३’ वाहिनीवर सुरू झालेली ही मालिका ‘ग्लोबोमेदिया’ या निर्मितीसंस्थेची आहे. याच संस्थेने १९९५ मध्ये ‘मेदिको दे फामिलिया’ ही एका डॉक्टरच्या कुटुंबावरची मालिका आणली होती आणि तिच्या यशातून स्पेनमध्ये एक साचाच तयार झाला. रात्रीच्या जेवणानंतर घरातली सगळी माणसे एकाच दूरचित्रवाणी संचासमोर बसत, म्हणून आजोबांपासून शाळकरी मुलांपर्यंत प्रत्येकाला आपले वाटेल असे एक तरी पात्र हवे, हसू हवे आणि डोळ्यांत पाणीही हवे. संपूर्ण संध्याकाळ एकाच मालिकेने भरून काढण्याचा तिथल्या वाहिन्यांचा प्रघात असल्यामुळे भाग तासाभराहून लांब होत, आणि एका गुन्ह्याच्या तपासावर एवढा वेळ निभत नसल्यामुळे त्यात प्रेमप्रकरणे व घरातली भांडणे येत.

हे लक्षात घेतले की पात्रांची मांडणी उलगडते. माद्रिदमधील सान आंतोनियो या काल्पनिक वस्तीच्या ठाण्यातला इन्स्पेक्टर पाको मिरांदा हा आपल्या वरिष्ठाचा, म्हणजे ‘दोन लोरेन्सो’ (‘दोन’ ही स्पॅनिशमधली आदरार्थी उपाधी) यांचा जावई आहे. ठाण्यात साहेब आणि घरी सासरे एकच, त्यामुळे कामात झालेली चूक रात्री जेवणाच्या टेबलापर्यंत पाठलाग करते. सासुरवास केवळ सुनांच्याच वाट्याला येतो असे मानणाऱ्यांनी पाकोची भूमिका करणाऱ्या पाको तूस या नटाचा चेहरा पाहावा. शिवाय पाकोची तरुण मुलगी सारा त्याच्याच जिवलग सहकाऱ्यावर, लुकासवर, भाळते, आणि मारियानोसारखा तिसरा मित्र सगळा गुंता आणखी वाढवून ठेवतो.

एक बारकावा भाषांतरात निसटतो. ‘दोन’ हा आदरार्थी शब्द आडनावाला नव्हे तर नावाला जोडतात, जसे आपण माधवराव म्हणतो. सासऱ्याला कायम ‘दोन लोरेन्सो’ म्हणणाऱ्या जावयाचे त्या घरातले स्थान तेवढ्यावरूनच कळते.

पोलिसांचा बावळटपणा अतिरंजित आहे, हे आपले म्हणणे मला मान्य आहे, आणि आरंभीच्या भागांतली धडपडाधडपड मला स्वतःला फारशी हसवू शकली नाही. मात्र स्पॅनिश प्रेक्षकाला ती परकी नाही. फ्रान्सिस्को इबान्येस यांची ‘मोर्तादेलो आणि फिलेमोन’ ही चित्रकथा १९५८ पासून तिथे घरोघरी वाचली गेली, आणि तिच्यातही दोन गुप्तहेर प्रत्येक कामगिरीचा विचका करतात व त्यांचा साहेब संतापाने लाल होतो. थातुरमातुर उरकलेल्या कामाला स्पॅनिशमध्ये ‘चापुसा’ म्हणतात आणि हा शब्द ते स्वतःबद्दलच मोठ्या प्रेमाने वापरतात.

पुढे पाहावी का? माझ्या मते चार-पाच भागांपर्यंत तरी धीर धरावा. मालिका २०१० पर्यंत नऊ सीझन चालली, पुढे तिचा सूर बराच गडद झाला, आणि २०२१ मध्ये ती पुन्हा आणली गेली. आपण ‘मनी हाइस्ट’ ही स्पॅनिश मालिका पाहिली असेल तर आणखी एक गंमत आहे: तिचा निर्माता आलेक्स पिना हा या मालिकेच्या दोन जनकांपैकी एक, आणि ‘मनी हाइस्ट’मध्ये मॉस्को नावाचे पात्र रंगवणारा नट म्हणजेच हा पाको तूस. फार्समधून एकदम गंभीर प्रसंगात उडी मारण्याची पिनाची खोड इथे कच्च्या स्वरूपात दिसते.

भाषेसाठी पाहत असाल तर उपशीर्षके स्पॅनिशच लावा. पाको तूस मूळचे सेव्हियाचे आहेत आणि त्या अंदालुसिया भागात शब्दाच्या शेवटचा ‘स’ गिळून बोलण्याची रीत आहे. स्पॅनिशमध्ये अनेकवचन याच ‘स’ने होते, त्यामुळे एकवचन की अनेकवचन हे नुसत्या कानाने ठरवणे सुरुवातीला अवघड जाते.