सुटलेली बाही

प्रिय पोरी,

रविवारी ज्युदोचा क्लास सुटल्यावर एक शब्द न बोलता निघून गेलीस. तलावपाळीपर्यंत मी मागेच होतो, पण हाक मारली नाही. रागात असलेल्या माणसाला रस्त्यात गाठू नये, म्हणून हे पत्र.

हिरवा पट्टा मिळाला, तरी नवख्यांकडून आपटून का घ्यायचं, हा तुझा सवाल. सांगतो. त्या पांढऱ्या पट्ट्याच्या मुलाला तू ओ-गोशीने, म्हणजे कमरेवरून फेकायच्या डावाने, पाडलंस. थ्रो सुरेख होता, खोटं कशाला बोलू! पण तो हवेत असतानाच तू त्याची बाही सोडलीस. ती वर ओढून धरली की पडणाऱ्याचं डोकं आणि खांदा वाचतो, मोकळ्या हाताने त्याला मॅटवर थाप मारता येते. तो कोपरावर पडला. सूज उतरली, हे नशीब.

पहिले दोन महिने तुला मी फक्त पडायला शिकवलं. "सर, पडायची फी घेता होय?" असं तुझी आई हसून म्हणाली होती. हनुवटी छातीला, नजर पट्ट्याच्या गाठीवर. तुझी पडायची भीती गेली. दुसऱ्याला नीट पाडणं मात्र राहून गेलं, त्यात माझीही चूक आहे.

कानो जिगोरोंनी १८८२मध्ये तोक्योतल्या एका देवळात, जेमतेम १२ चटयांच्या जागेत ज्युदो सुरू केला. जुजुत्सू या जुन्या जपानी युद्धकलेतले घातक डाव त्यांनी सरावाच्या झुंजीतून वगळले, कारण जोडीदार उद्याही सरावाला यायला हवा. आपलं आणि त्याचं, दोघांचं भलं, याला ते 'जिता क्योएई' म्हणत.

१९६४च्या तोक्यो ऑलिंपिकमध्ये खुल्या गटाच्या अंतिम लढतीत नेदरलँड्सच्या अँटोन खेसिंकने जपानच्या कामिनागाला दाबून धरून हरवलं. पाठीराखे जल्लोषात मॅटकडे धावले, तर खेसिंकनेच हात वर करून त्यांना थोपवलं. हरलेल्याला अजून नमस्कार व्हायचा होता.

ज्युदोने पोरं आपोआप सुधारतात, असं मी पालकांना सांगत नाही. ठाणे स्टेशनबाहेर रिक्षावाल्याच्या अंगावर धावून जाणारा ब्लॅक बेल्टवालाही मी पाहिलाय.

येत्या रविवारी अर्धा तास आधी ये, मॅट अंथरायला. मग त्या मुलाकडून दहा वेळा पडायचं. तो बाही सोडेलच. कुठे सुटली ते त्याला तूच दाखव.

आणि नखं कापून ये.

तुझे,
सर