आधी अंगठा ऐक
बोसा नोव्हा, म्हणजे ब्राझीलचं सांबातून आलेलं संगीत, नव्यानेच ऐकतोयस ना, मग नुसत्या गिटारचं रेकॉर्डिंग लाव. ब्राझीलचा गिटारवादक लुईस बोन्फाने 1959 मध्ये रिओत वाजवलेलं आहे, तिथून सुरुवात कर. हेडफोन लाव आणि आधी फक्त अंगठा ऐक. खर्जाच्या तारांवर तो सांबा नाचाच्या संगीतातल्या सुर्दोसारखा, म्हणजे मोठ्या ढोलासारखा, संथ ठोके देतो. बाकीची बोटं मात्र ठोका चुकवून, जरा आधीच कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजणारे सूर, उचलतात. सम शोधायची सवय असलेला कान इथे गडबडतो, माझाही महिनाभर गडबडत होता. बोट तारेवरून सरकल्याची बारीकशी खर्रही ऐकू येते. कोणी गायला लागलं की हे सगळं मागे पडतं. आणि हो, भांडी घासताना लावू नकोस, हॉटेलच्या लिफ्टमधलं संगीत वाटेल.