पिस्तुलाला कन्व्हर्जन किट लावलं की खरंच कार्बाइन (आखूड रायफल) होते का? ग्वाल्हेरात लावता येईल का?

दादा, तुम्ही विचारलंय की काकांच्या लायसन्सच्या .३२ पिस्तुलाला रोनी नावाच्या कन्व्हर्जन किटसारखं किट लावलं तर रेंज वाढेल का, तर आधी हे समजून घ्या की किट म्हणजे फक्त बाहेरचा सांगाडा असतो, मागे खांद्याला टेकवायचा दस्ता, वर रेड डॉट (लाल ठिपक्याने नेम धरायचं साधन) बसवायला पट्टी, आणि आत पिस्तूल आहे तसंच. नळी तेवढीच राहते, म्हणून गोळीचा वेग काही वाढत नाही. फरक पडतो तो पकडीत, दोन हातांसोबत खांद्याचा आधार मिळाला की हात हलत नाही आणि नेम बराच सुधारतो, लोकांना वाटतं ताकद वाढली.

पण आपल्याकडे हे करूच नका, मनापासून सांगतोय. १९५९ च्या आर्म्स अ‍ॅक्टमधलं कलम ६ बघा, २०१९ च्या दुरुस्तीनंतर एका प्रकारच्या हत्याराचं दुसऱ्या प्रकारात रूपांतर करायलाही वेगळं लायसन्स लागतं, काकांचं पिस्तुलाचं लायसन्स तिथे चालत नाही. अमेरिकेतसुद्धा १६ इंचाहून कमी नळीच्या पिस्तुलाला खांद्याचा दस्ता लावला की ती शॉर्ट बॅरल रायफल धरतात, १९३४ च्या कायद्याने नोंदणी लागते.

आपल्या चंबळ भागात घरोघरी बंदुका, त्यामुळे ग्वाल्हेरच्या लश्कर भागातला कुणी ओळखीचा सहज म्हणेल की मागवून देतो, त्याचं ऐकू नका. नेमच सुधारायचा असेल तर काकांना शूटिंग रेंजवर चांगल्या कोचकडे पाठवा, ग्रिप आणि ट्रिगरवरच बरंच काम होतं.