नोकरी, सणवार आणि नवे विचार, घरात या सगळ्याचा मेळ कसा घालता?

तुम्ही विचारलंय, नोकरी करणाऱ्या बायका घरातल्या रीतीभाती आणि नवे विचार यांचा मेळ कसा घालतात. मी कोल्हापूरची, मंगळवार पेठेतली. गोकुळ शिरगावच्या एमआयडीसीत एका फाउंड्रीत अकाउंट्स बघते. डबे, उपवास, मार्चएंड हे रेटून निघतं. दमायला होतं, पण त्यात नवीन काय सांगायचं? आमच्याकडं अडलं ते कुंकवापाशी.

मामा, म्हणजे सासरे, २०१९ ला गेले. तेव्हापासून संक्रांतीच्या हळदी-कुंकवाला आत्ती, म्हणजे सासूबाई, स्वयंपाकघरात. तिळगूळ त्यांनीच करायचा, वाणाच्या पिशव्या त्यांनीच भरायच्या आणि बायका आल्या की पडद्याआड बसायचं.

६ मे २०२२ ला राजर्षी शाहू महाराजांच्या स्मृतिशताब्दीला अख्खं कोल्हापूर १०० सेकंद जागच्या जागी थांबलं होतं. त्याच्या दोनच दिवस आधी शिरोळ तालुक्यातल्या हेरवाडच्या ग्रामसभेनं ठराव केला: नवरा गेल्यावर बांगड्या फोडायच्या नाहीत, कुंकू पुसायचं नाही, मंगळसूत्र-जोडवी काढायची नाहीत. १७ मेला सरकारनंही परिपत्रक काढून बाकीच्या ग्रामपंचायतींना तसंच करायला सांगितलं. मला वाटलं, झालं काम! आत्ती डंकावर न्यायच्या मिरच्यांचे देठ खुडत होत्या. त्यांना म्हटलं, महाराजांनी तर १९१७ सालीच विधवा पुनर्विवाहाचा कायदा केलाय. मान वर न करता म्हणाल्या, "कायदा हाय गं. पर शेजारीण काय म्हणंल, ते कायद्यात न्हाई."

पुढच्या संक्रांतीला मी वादच घातला नाही. ऐन गर्दीत धाकटा रडायला लागला, तशी करंडा आत्तींच्या हातात कोंबून मी आत पळाले. (खरं सांगते, पोरगं एवढं काही रडत नव्हतं.) बाहेर येऊन बघते तर आत्ती एकेकीला हळदी-कुंकू लावतायत. एक वयस्कर बाई कपाळ मागं घेऊन उठली, वाण न घेताच गेली. बाकीच्या बसून राहिल्या. समोरच्या काकूंनी आत्तींना लावायला चिमूट उचलली, तर त्यांनी मनगटच धरलं. "हळद लाव. कुंकू नको."

अजून हळदच चाललीय. कुंकवाचा विषय मी काढत नाही. पिशव्या मात्र आता मी भरते.