नौका तुमच्या नावावर, कारभार नवऱ्याचा

प्रश्न : रत्नागिरी जिल्ह्यातल्या एका बंदरावरून एका भगिनीने लिहिलं आहे. मासेमारी नौका त्यांच्या नावावर, तिचं कर्जही त्यांच्याच नावावर. कारभार मात्र नवरा बघतो. हंगाम वाईट गेला म्हणून नवऱ्याने नौका ओळखीच्या एका माणसाला तोंडी बोलीवर चालवायला दिली. तांडेल, म्हणजे नौकेचा प्रमुख, आणि खलाशी त्या माणसाचेच. मागच्या महिन्यात सीमाशुल्क खात्याने ती समुद्रात अडवली आणि बर्फाच्या कप्प्यात 11 किलो चरस सापडला. तांडेल अटकेत, नौका जप्त. त्याच माणसाच्या सांगण्यावरून चार महिने ताईंच्या बचत खात्यात अनोळखी लोकांकडून थोडे थोडे करत 6 लाख 40 हजार रुपये जमा झाले. सही केलेले चेक नवरा घेऊन जाई, रोख काढून त्या माणसाला देई. भाड्याचे म्हणून 80 हजार खात्यात राहिले. आता खातं गोठलं आहे आणि ताईंना समन्स आलं आहे. दीर म्हणतात, मागच्या तारखेचा भाडेकरार करून घ्या आणि आजारी असल्याचं कळवून चौकशीला जाऊच नका. काय करावं?

उत्तर : ताई, तो करार करू नका. स्टँप पेपरवर विक्रीची तारीख असते, नोटरीच्या नोंदवहीत अनुक्रमांक असतो, आणि ज्याच्याशी करार झाल्याचं दाखवणार तो माणूस स्वतःच संशयित आहे. उद्या तोच सांगेल की कागद छाप्यानंतर झाला. खोटा दस्तऐवज बनवणं आणि खोटा पुरावा उभा करणं हे स्वतंत्र गुन्हे आहेत. आज तुमच्याविरुद्ध फक्त संशय आहे. त्या कागदावर सही केलीत, की तुमच्या हातून घडलेला पहिला पक्का गुन्हा तोच ठरेल.

समन्सला हजर राहा. खरंच आजारी असाल तर डॉक्टरांच्या कागदासह लेखी मुदत मागा. जाण्यापूर्वी समन्सवर कुठलं कलम लिहिलं आहे ते वाचा, कारण तुमच्या जबाबाचं वजन त्यावर ठरतं. अमली पदार्थ कायद्याचं कलम 67 असेल, तर त्याखाली दिलेला कबुलीजबाब खटल्यात पुरावा म्हणून वापरता येत नाही; तोफान सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये तसा निकाल दिला आहे. सीमाशुल्क कायद्याचं कलम 108 असेल, तर त्या कायद्याच्या कारवाईत जबाब पुरावा ठरतो आणि खोटं सांगणं हा गुन्हा आहे. कुठलंही कलम असो, वाचल्याशिवाय सही करू नका. जबाब तुम्हाला कळेल अशा भाषेत समजावून मागा, आणि जे माहीत नाही तिथे ‘माहीत नाही’ एवढंच लिहू द्या.

तुमच्या पत्रात सगळा जीव नौकेत अडकलेला दिसतो. मला जास्त काळजी त्या खात्याची वाटते. नौकेवर काय चढलं ते तुम्ही पाहिलं नव्हतं, पण चेकवर सही तुमची आहे. मनी लाँडरिंगचा कायदा, म्हणजे 2002 चा पीएमएलए, माल कुणी वाहिला एवढ्यावर थांबत नाही. गुन्ह्यातून आलेला पैसा कुणी जवळ ठेवला, फिरवला किंवा लपवायला जाणूनबुजून मदत केली, हे तो विचारतो. रक्कम लहान आहे असं कुणी सांगितलं तर ऐकू नका. अमली पदार्थांच्या गुन्ह्यांना त्यात किमान रकमेची अटच नाही, आणि एरवी सात वर्षांपर्यंत असलेली शिक्षा अशा प्रकरणात दहा वर्षांपर्यंत जाते. किनाऱ्यावरच्या या धंद्यात रोख पैसा बँकेत शिरवायला अशीच साधी बचत खाती शोधली जातात, बहुतेक वेळा घरातल्या बाईची.

म्हणून त्या 80 हजारांना हात लावू नका आणि कुणाला परत करायलाही जाऊ नका. खातं कुणाच्या आदेशाने आणि कुठल्या कलमाखाली गोठवलं, हे बँकेकडून लेखी मागा. आदेश अमली पदार्थ कायद्याच्या कलम 68एफ खालचा असेल, तर सक्षम प्राधिकाऱ्याने तो 30 दिवसांत कायम करावा लागतो; न केल्यास तो टिकत नाही. उद्या ईडीने तात्पुरती टाच आणली, तर तिची मुदत 180 दिवस असते, आणि त्याआधी, टाच कायम करायची की नाही हे ठरवणाऱ्या न्यायनिर्णय प्राधिकरणापुढे तुमचं म्हणणं मांडायची संधी मिळते. त्या नोटिशीला उत्तर न देणं परवडणारं नाही. तुमच्या खात्यात मासळीच्या विक्रीचे, डिझेलच्या परताव्याचे पैसेही येत असतील. ते कुठले, हे मच्छीमार सोसायटीच्या पावत्यांनी वेगळं करून दाखवा.

आता जे सांगतो ते ऐकायला कठीण आहे. तुमच्यासाठी वेगळा वकील करा, नवऱ्याचा नको. नवऱ्याने जाणूनबुजून काही केलं असं मी म्हणत नाही, पण कायदा तुम्हा दोघांकडे एक म्हणून बघत नाही. अमली पदार्थ कायद्याच्या कलम 60 नुसार नौका वाचवायची, तर मालकाला दाखवावं लागतं की मालकाला, मालकाच्या प्रतिनिधीला आणि नौका ज्याच्या ताब्यात होती त्याला, तिघांनाही याची कल्पना नव्हती, आणि प्रत्येकाने योग्य ती खबरदारी घेतली होती. सीमाशुल्क कायद्यातही जवळपास हेच आहे. इथे तुमचा प्रतिनिधी म्हणजे तुमचा नवरा. त्याला माहीत होतं असं ठरलं, तर तुमच्या अज्ञानाने नौका सुटणार नाही; तुमची स्वतःची सुटका मात्र त्या अज्ञानावरच अवलंबून असेल. दोघांचा वकील एकच असेल, तर तो एकाला वाचवताना दुसऱ्याला दुखवायला कचरेल. नवऱ्याने तुम्हाला खासगीत सांगितलेलं कोर्टात उघड करायला कायदा तुम्हाला भाग पाडत नाही. पण तो चेक घेऊन गेला, रोख आणली, हे बोलणं नाही, कृती आहे. त्याबद्दल विचारलं तर खोटं बोलू नका.

खर्चाची चिंता असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. 1987 च्या कायद्याने स्त्रीला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. हा तुमचा हक्क आहे, मागायला संकोच नको.

अटकेच्या भीतीबद्दल. चरस एक किलोपेक्षा जास्त असला की कायद्याने ते व्यापारी प्रमाण धरलं जातं. शिक्षा दहा ते वीस वर्षं, आणि कलम 37 मुळे जामीन फार अवघड. तिथे स्त्री म्हणून सवलत नाही. पीएमएलएच्या कलम 45 मध्ये मात्र स्त्रीला, तसंच एकूण रक्कम एक कोटीच्या आत असलेल्या आरोपीला, कडक अटींशिवाय जामीन देण्याचा अधिकार न्यायालयाला आहे. अटकपूर्व जामिनाचा विचार जबाबाला जाण्यापूर्वीच वकिलाशी करा. सूर्यास्तानंतर स्त्रीला अटक करायची, तर अपवादात्मक कारण आणि दंडाधिकाऱ्यांची परवानगी लागते, हेही लक्षात असू द्या.

नौकेबाबत आशेला जागा आहे. जानेवारी 2025 मध्ये बिश्वजित डे विरुद्ध आसाम या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की अमली पदार्थांच्या गुन्ह्यात जप्त झालेलं वाहन खटला संपेपर्यंत मालकाला तात्पुरतं द्यायला सरसकट मनाई नाही. मालक किंवा मालकाने नेमलेला माणूस आरोपी असेल तर ते सहसा मिळत नाही. तिऱ्हाइताने मालकाला न कळता माल ठेवला असेल, तर सहसा मिळावं. तांडेल कुणाचा, या प्रश्नाला म्हणूनच इतकं महत्त्व आहे. तो त्या माणसाने आणला होता याचे पुरावे शोधा : जुन्या तांडेलाला कधी थांबवलं, बंदरावर समुद्रात जायचं टोकन कुणाच्या नावाने घेतलं, डिझेल आणि बर्फाचे पैसे कुणी दिले, त्या माणसाचे फोनवरचे निरोप. एकही निरोप पुसू नका, नवऱ्याच्या फोनमधलाही. अर्ज विशेष न्यायालयात करायचा आणि त्यात लिहायचं की नौका खाऱ्या पाण्यात नुसती उभी राहिली तर इंजिन आणि लाकूड दोन्ही जातील. न्यायालय फोटो, पंचनामा, हमीपत्र आणि न विकण्याची अट घालेल. कर्ज देणाऱ्या बँकेला जप्तीची लेखी कल्पना द्या.

तपास अधिकारी तुमच्याशी कठोर वागतील, हे धरून चला. फेब्रुवारी 1993 मध्ये रायगडच्या शेखाडीला स्फोटकं उतरली होती, ऑगस्ट 2023 मध्ये दापोलीच्या किनाऱ्यावर चरसाची पाकिटं वाहून आली. या किनाऱ्यावरच्या प्रत्येक नौकेकडे यंत्रणा त्या नजरेने बघते. त्यांच्यावर रागावू नका आणि त्यांना घाबरून भलतं काही कबूलही करू नका.

समन्सच्या तारखेआधी वकिलाकडे जाताना नौकेचं नोंदणीपत्र, मासेमारी परवाना, कर्जाचे कागद, वर्षभराचं बँक स्टेटमेंट आणि उरलेलं चेकबुक बरोबर घ्या. त्या चेकबुकात कोरे, सही केलेले चेक अजून असतील तर तेही आहेत तसेच वकिलाच्या हाती द्या, फाडू नका.